आमची वाटचाल : ४२ आणि ४४ च्या दोन रेषा

आमच्या दरपत्रकात आज बरीच नावं आहेत, पण फर्म उभी राहिली ती एका अँटीबॉडीवर : फॉस्फो-ईआरके १/२. पुस्तकात तिला प्रतिपिंड म्हणतात. लॅबमध्ये, फोनवर आणि बिलावर ती अँटीबॉडीच. ईआरके हे पेशीत निरोप पोचवणारं कायनेज, म्हणजे दुसऱ्या प्रोटीनवर फॉस्फेट बसवणारं एंझाइम. वाढीचा संकेत आला की एमईके नावाचं वरचं कायनेज त्याच्या दोन जागांवर फॉस्फेट बसवतं आणि ते जागं होतं. माणसाच्या ईआरके १ मध्ये या जागा थ्रिओनिन २०२ आणि टायरोसिन २०४. ईआरके पेशीत असतंच. गिऱ्हाइकाला विचारायचं असतं ते एवढंच, की ते जागं आहे की झोपलंय. आमची अँटीबॉडी फक्त फॉस्फेट बसलेल्या, म्हणजे जाग्या ईआरकेला चिकटते. ब्लॉटवर, म्हणजे आकारानुसार वेगळी केलेली प्रोटीनं उतरवलेल्या पडद्यावर, उत्तर दोन रेषांत (बँडमध्ये) येतं : ४४ किलोडाल्टन (प्रोटीनच्या वजनाचं माप) ला ईआरके १, ४२ ला ईआरके २.

सुरुवात बाहेरून मागवलेला माल विकण्यापासून झाली. १०० मायक्रोलिटरची कुपी, एकास हजार प्रमाण, दर ब्लॉटला १० मिलिलिटर द्रावण, म्हणजे दहा ब्लॉट. तक्रार ठरलेली : ‘बँडच येत नाही.’ कुपी बदलून देणं सोपं होतं, पण नव्या कुपीनंही बँड येईना. मग आम्ही बदली देण्याआधी लायसेट (पेशी फोडून केलेला अर्क) कसं केलं ते विचारू लागलो आणि बहुतेक वेळा घोटाळा तिथेच सापडला.

पेशी फुटताच फॉस्फेटेज एंझाइमं मोकळी होतात आणि फॉस्फेट काढून टाकतात. म्हणून पेशी फोडायचा बफर बर्फासारखा गार हवा; त्यात फॉस्फेटेजला अडवणारी सोडियम फ्लोराइड, बीटा-ग्लिसरोफॉस्फेट आणि १ मिलिमोलार सोडियम ऑर्थोव्हॅनाडेट हवीत. व्हॅनाडेट नुसतं विरघळवून चालत नाही. २०० मिलिमोलार द्रावणाचा पीएच १० करायचा, ते पिवळं होतं. रंग जाईपर्यंत उकळायचं, थंड करून पीएच पुन्हा १० वर आणायचा, आणि द्रावण बिनरंगी राहून पीएच स्थिर होईपर्यंत हे चालू ठेवायचं. एवढं करून त्याच बफरमध्ये ईडीटीए किंवा डीटीटी ही नेहमीची रसायनं घातली तर व्हॅनाडेटचा जोर जातो. ही चूक फार हुशार मुलंही करतात, कारण जुन्या प्रोटोकॉलमध्ये दोन्ही शेजारी-शेजारी लिहिलेली असतात. घाई असेल तर सरळ गरम लेमली बफर (ब्लॉटआधी नमुना ज्यात उकळतात ते द्रावण) पेशींवर ओता आणि ९५ अंशांवर ५ मिनिटं ठेवा; फॉस्फेटेजला वेळच मिळत नाही.

दुसरा घोटाळा दुधाचा. अँटीबॉडी पडद्यावर भलतीकडे चिकटू नये म्हणून बरेच जण ती दुधाच्या पावडरीच्या द्रावणात घालतात. दुधातलं केसिन स्वतःच फॉस्फोप्रोटीन. सगळ्याच फॉस्फो अँटीबॉडी दुधात बिघडतात असं नाही, पण आमची फिकी पडते. म्हणून लेबलवरच छापलंय : ५ टक्के बीएसए (गाईच्या रक्तातलं अल्ब्युमिन), टीबीएसटी या धुण्याच्या बफरमध्ये, ४ अंशांवर रात्रभर.

स्वतःची अँटीबॉडी करायला घेतली तेव्हा काम पेप्टाइडपासून, म्हणजे प्रोटीनच्या तुकड्यापासून, सुरू झालं. थ्रिओनिन-ग्लुटॅमिक आम्ल-टायरोसिन या तिकडीभोवतीचा छोटा तुकडा, दोन्ही जागी फॉस्फेट, टोकाला सिस्टीन. त्या सिस्टीनमधून तो केएलएच या मोठ्या प्रोटीनला जोडायचा, कारण अँटीबॉडी बनावी म्हणून तो सशाला टोचतात, आणि एवढासा तुकडा सशाच्या शरीराला दखल घेण्याजोगा वाटत नाही. ससे आमच्याकडे नाहीत. नोंदणीकृत प्राणीगृहात, संस्थेच्या प्राणी नैतिकता समितीची परवानगी घेऊनच ते काम होतं. खरी मेहनत रक्तद्रव्य हाती आल्यावर. आधी फॉस्फो-पेप्टाइडच्या स्तंभावर (पेप्टाइड जोडलेल्या मण्यांनी भरलेल्या नळीत) अँटीबॉडी पकडायची, आम्लधर्मी ग्लायसीननं सोडवायची, नळीत आधीच ट्रिस ठेवायचं म्हणजे ती आम्लात पडून राहत नाही. मग फॉस्फेट नसलेल्या पेप्टाइडचा स्तंभ. इथे जे अडकतं ते नको असतं, जे वाहून येतं ते हवं.

पहिल्या लॉटमध्ये आम्ही इथेच थांबलो आणि फसलो. ४२-४४ सुरेख, पण वर-खाली नको त्या रेषा. काही अँटीबॉडी फक्त फॉस्फोटायरोसिन ओळखत होत्या, मग ते कुठल्याही प्रोटीनवर असो. तेव्हापासून नुसतं टायरोसिनवर आणि नुसतं थ्रिओनिनवर फॉस्फेट असलेल्या पेप्टाइडचे आणखी दोन स्तंभ लावतो. माल कमी उरतो, भाव वाढतो. त्याला इलाज नाही.

तपासणीचा घाट आता ठरलेला आहे. हेला पेशी (लॅबमध्ये वाढवल्या जाणाऱ्या मानवी पेशी) रात्रभर सीरमशिवाय ठेवायच्या. एका डिशला काहीच नाही, दुसरीला १०० नॅनोग्रॅम प्रति मिलिलिटर ईजीएफ (वाढीचा संकेत देणारं प्रोटीन) ५ मिनिटं, तिसरीलाही ईजीएफ, पण त्याआधी १० मायक्रोमोलार यू०१२६, म्हणजे एमईकेला अडवणारं औषध. रेषा फक्त दुसऱ्या डिशमध्ये ठळक हवी. मग त्या नमुन्याच्या ब्लॉटचा एक तुकडा लॅम्डा फॉस्फेटेज या फॉस्फेट काढणाऱ्या एंझाइममध्ये ठेवायचा. तिथली रेषा गेली पाहिजे. एकूण ईआरके मात्र सगळीकडे सारखं दिसलं पाहिजे. शेवटी ॲनिसोमायसिन हे औषध दिलेल्या पेशी, कारण त्यात ईआरकेच्या भावकीतली जेएनके आणि पी३८ ही कायनेजं जागी होतात. आमच्या अँटीबॉडीनं त्यांना ओळख दाखवायची नाही.

सशाच्या मालात एक दुखणं राहतंच : ससा बदलला की लॉट बदलतो. पीएचडीच्या तिसऱ्या वर्षी अचानक एकास हजारवर रेषा फिकट येऊ लागली तर विद्यार्थ्यानं काय करावं? म्हणून आम्ही रिकॉम्बिनंटकडे, म्हणजे सशाऐवजी जनुकांवरून पेशींत बनवलेल्या अँटीबॉडीकडे वळलो. चांगल्या सशाच्या बी-पेशीतून जड आणि हलक्या साखळीची जनुकं वाचून घेतली, प्लाझ्मिडमध्ये (डीएनएच्या छोट्या कड्यात) घातली, आता माल एचईके २९३ या लॅबमधल्या मानवी पेशी बनवतात. सुरुवातीचा खर्च जबर, पण क्रम एकदा हातात आला की पुढचा लॉट सशाच्या तब्येतीवर अवलंबून नाही. अडचण वेगळीच निघाली. ब्लॉटवर झकास चाललेला पहिला क्लोन (एकाच क्रमाची अँटीबॉडी) फॉर्मलिनमधल्या ऊतीवर चाललाच नाही, म्हणून दरपत्रकात त्यापुढे फक्त ‘ब्लॉट’ लिहिलं आहे. ‘सगळ्यासाठी चालते’ लिहिलं असतं तर विक्री वाढली असती, परतीचा मालही.

सध्या कुपीसोबत दोन छोट्या नळ्या जातात : ईजीएफ दिलेलं आणि न दिलेलं लायसेट, लेमली बफरमध्ये उकळलेलं. आपल्या नमुन्याशेजारी हे दोन लावले की दोष अँटीबॉडीचा की लायसेटचा, ते त्याच दिवशी कळतं. अँटीबॉडी ५० टक्के ग्लिसरॉलमध्ये असते, उणे २० अंशांवर गोठत नाही, लागेल तेवढी काढून घेता येते. उणे ८० ला ठेवू नका. तिथे ती गोठते, आणि दर वेळी वितळवताना थोडी थोडी वाया जाते. तिच्यात माल टिकवायला ०.०२ टक्के सोडियम अझाइड आहे, ते एचआरपीला, म्हणजे ब्लॉटवर रेषा दिसण्यासाठी वापरतात त्या एंझाइमला, मारतं. म्हणून हीच अँटीबॉडी एचआरपीला थेट जोडायची असेल तर ऑर्डर देतानाच सांगा, अझाइड न घातलेली कुपी वेगळी भरून देतो.