आईने वेळेत धरलं

मे महिन्यातली पहाट. दक्षिण स्पेनमधल्या आयबेरियन लिंक्स या रानमांजराच्या प्रजनन केंद्रात माझी कॅमेऱ्यांवरची रात्रपाळी संपत आली होती. एका मादीला तीन पिल्लं होती, सहा आठवड्यांच्या पुढची. दोन तिच्या पोटाशी पडलेली, तिसरं एकटंच काटकीशी खेळत होतं. ते आत आलं, बहिणीजवळ गेलं आणि क्षणात दोघं एकमेकांवर तुटून पडली.

खेळ आणि झुंज यातला फरक पडद्यावरही कळतो. खेळताना पिल्लं पकड सोडतात, पळतात, परत येतात. इथे बहिणीने भावाचा गळा धरला तो धरलाच. मी फोन लावला. मुख्य रखवालदारबाईंनी एकच विचारलं, “आई काय करतेय?”

आई उठली होती. तिने एका पिल्लाची मानगूट धरून ओढलं, पण दुसरं त्याच्याबरोबर फरफटत आलं. अशा वेळी आमच्याकडची रीत ठरलेली असते: आधी आईला संधी द्यायची. माणसं आत घुसली तर ती बिथरते, आणि बिथरलेली आई पिल्लांना अधिक धोक्याची. ती सोडवू शकत नाही असं दिसलं की मगच दार उघडायचं. पशुवैद्यकाचं शिक्षण मी मुंबईत परळला घेतलं. तिथे जखमी जनावर समोर आलं की हात आपोआप पुढे जायचे. इथे पडदा सहकाऱ्याकडे सोपवून, हातमोजे चढवून दारापाशी उभं राहायचं आणि कानाशी धरलेल्या वॉकीटॉकीवर त्याचा आवाज ऐकायचा. ती दोन-तीन मिनिटं मला फार जड गेली.

ही रीत एका मृत्यूतून आली आहे. मार्च 2005मध्ये दोन्याना या दक्षिण स्पेनमधल्या राष्ट्रीय उद्यानाजवळच्या एल असेबुचे केंद्रात सालियेगा नावाच्या मादीला तीन पिल्लं झाली. बंदिवासात जन्मलेली या जातीची ती पहिलीच पिल्लं. काही आठवड्यांनी त्यातला ब्रेसो हा नर बहिणीबरोबरच्या झुंजीत मेला. सगळे हादरले. युरेशियन लिंक्स या जवळच्या जातीवर काम करणाऱ्या रशियन संशोधकांना मात्र हे वागणं आधीपासून माहीत होतं. साधारण दीड-दोन महिन्यांच्या वयात भावंडांमध्ये अचानक जीवघेणी झुंज होते. त्यासाठी अन्न कमी असावं लागत नाही. आमच्या पिल्लांची पोटंही त्या रात्री भरलेलीच होती. म्हणून या आठवड्यांत प्रत्येक वीणीवर दिवसरात्र नजर असते. त्यात प्रशिक्षणार्थी असतात, स्वयंसेवक असतात. बाहेरच्यांना हे काम कंटाळवाणं वाटतं. मला ते केंद्रातल्या सगळ्यात जबाबदारीच्या कामांपैकी एक वाटतं.

दुसऱ्या प्रयत्नात आईने मुलीला मानगुटीला धरून झटकलं आणि पकड सुटली. मुलीला तोंडात घेऊन ती कोपऱ्यात गेली. भाऊ जिथे पडला होता तिथेच पडून राहिला. मग आम्ही आईला शेजारच्या आवारात घेतलं आणि त्याला उचललं. गळ्यावर दातांची भोकं होती, एक खोल. श्वासनलिका शाबूत होती. जखमा धुतल्या, प्रतिजैविक दिलं. या सगळ्यात कोणी त्याच्याशी एक अक्षर बोललं नाही. माणसाचा आवाज त्याला ओळखीचा होता कामा नये. इतक्या लहान जिवाला गोंजारायचं नाही, हे मला अजूनही अवघड वाटतं, पण ते बरोबर आहे याबद्दल माझ्या मनात शंका नाही. त्याच दिवशी तो आईकडे परत गेला. बहीण जाळीपलीकडे राहिली. हे वय उलटल्यावर ती एकत्र आली, तेव्हा कोण वरचढ हे ठरलेलं होतं आणि तो तिला वाट सोडून देत होता.

एका पिल्लासाठी एवढा आटापिटा का, असं गावाकडे मला विचारतात. 2002च्या सुमारास या जातीचे शंभराहूनही कमी प्राणी उरले होते, तेही दोनच ठिकाणी: दोन्याना आणि सिएरा मोरेना डोंगररांगेतल्या आंदुखारच्या भागात. आजची सगळी लिंक्स त्या मूठभरांची संतती आहे. जनुकीय विविधता इतकी कमी असताना एक पिल्लू गेलं तर त्याच्याबरोबर काय गेलं, ते परत मिळत नाही. 2024च्या गणनेत स्पेन आणि पोर्तुगाल मिळून 2,401 लिंक्स मोजली गेली. त्याच वर्षी धोक्यातल्या जातींच्या जागतिक लाल यादीत ही जात ‘संकटग्रस्त’वरून ‘असुरक्षित’वर, म्हणजे धोक्याच्या एक पायरी खाली आली. आनंद आहेच. पण काम संपल्याच्या गप्पा ऐकल्या की मला राग येतो. या प्राण्याच्या आहारात ऐंशी-नव्वद टक्के ससे असतात. मिक्सोमॅटोसिस या सशांच्या विषाणूजन्य रोगाने 1950च्या दशकात ससे मारले, रक्तस्रावी रोगाने 1980च्या दशकाच्या अखेरीपासून मारले आणि 2011नंतर त्या रोगाचा नवा विषाणू आला. ससे नसतील तर केंद्रात वाढवलेलं लिंक्स सोडायचं कुठे?

बहिणीला पुढे प्रजननासाठी ठेवलं, कारण तिच्या आईचा वंश केंद्रांमध्ये थोडाच होता. भावाला सोडायचं ठरलं. त्याआधी माणूस दिसणार नाही अशा रीतीने आवारात जिवंत ससे सोडून त्याला शिकारीची सवय लावली. सोडायच्या जागेची यादी आली तेव्हा मी पहिल्यांदा सशांच्या घनतेचा रकाना पाहिला आणि मग जवळच्या महामार्गाचं अंतर. आजही लिंक्स गाड्यांखाली मरतात. दोन जागांपैकी ससे भरपूर असलेली निवडली गेली. रस्ता तिथूनही फार लांब नव्हता, आणि त्याखालून प्राण्यांसाठी भुयारी वाट हवी असं मी अहवालात लिहिलं.