आर्थर सीटला आधी न्या, बाकीचं नंतर बघू

महाबळेश्वरला जाऊन "पॉइंट बघणे" हा प्रकार आमच्या ट्रेकिंगवाल्या ग्रुपमध्ये हसण्यावारी नेला जातो. टॅक्सीतून उतरायचं, कठड्याला टेकून फोटो काढायचा, मक्याचं कणीस घ्यायचं, परत टॅक्सीत बसायचं आणि पुढच्या कठड्यावर तेच. हसणाऱ्यांचं अगदीच चूक आहे असं नाही, पण ज्यांचे गुडघे बोलायला लागलेत त्यांनी सह्याद्रीचा कडा कुठून बघायचा हे कोणी सांगत नाही. माझी आई आणि सांगलीची आत्या, दोघींनी मिळून आयुष्यात जेवढे डोंगर चढले असतील ते जेजुरीला आणि जोतिबाला, त्यामुळे कोकणातून ढवळे घाटाने चढून वर येऊ या का असं विचारायची सोयच नव्हती. मग केली अर्ध्या दिवसाची लोकल टॅक्सी. आणि एवढं सगळं टाईप करतेय ते यासाठी की तो अर्धा दिवस नीट वापरला तर पैसे वसूल आहेत, नाहीतर खरंच नुसते कठडेच आहेत.

तर सिस्टिम अशी आहे. महाबळेश्वर दर्शन, पाचगणी दर्शन, प्रतापगड दर्शन असे ठरलेले पॅकेज असतात आणि त्यात कुठले पॉइंट येतात तेही ठरलेलं असतं. ड्रायव्हर हाच गाईड. आमचे ड्रायव्हरकाका तिथलेच, जवळच्याच गावातले, आणि माणूस एक नंबर. बसल्या बसल्या त्यांनी अकरा-बारा पॉइंटची नावं एका दमात म्हणून दाखवली, आत्या म्हणाली एवढे सगळे कशाला, सगळीकडून दरीच दिसणार ना. काका हसले, म्हणाले, "मावशी, खरं सांगू का, दरी एकच आहे, फक्त कठडे वेगळे." तिथेच मला कळलं की आपलं या माणसाशी जमणार. मी सांगितलं, काका आम्हाला आर्थर सीटला आधी न्या आणि तिथे घाई करू नका, बाकीचं जमेल तसं, राहिलं तर राहिलं. ते म्हणाले मग लवकर निघू, दहानंतर तिथे गाडी लावायला जागा नसते आणि उन्हाने कोकणातून धुरकट वर यायला लागतं. हे असलं कुठल्या बोर्डावर लिहिलेलं नसतं.

आर्थर सीट गावापासून साधारण १२ किलोमीटर, रस्त्यात निम्म्यावर क्षेत्र महाबळेश्वर लागतं. रस्ता दाट झाडीतून जातो, जांभूळ हिरडा अंजनी असली झाडं, कमी उंचीची पण एकमेकांत गुंतलेली, खाली ऊन पोचतच नाही. काका म्हणाले संध्याकाळी इथे गवे रस्त्यावर उभे असतात, हॉर्न द्यायचा नाही, गाडी थांबवून गप बसायचं. आम्हाला दिसले नाहीत, आईला बरं वाटलं, मला वाईट.

गाडी लावली की पुढे पायी जायचं आणि पायऱ्या आहेत, हे घरच्यांना आधी सांगून ठेवा. पण वाटेत थांबायला जागाच जागा आहेत. इको पॉइंट, माल्कम पॉइंट, टायगर स्प्रिंगचा बारमाही झरा, मग विंडो पॉइंट. म्हाताऱ्या माणसाला दम लागला की एक पॉइंट आलेलाच असतो, ज्याने कोणी ही वाट आखली त्याला आमच्या आईचा आशीर्वाद मिळालाय. माल्कम म्हणजे सर जॉन माल्कम, १८२७ ते १८३० मुंबईचा गव्हर्नर, त्याच्या काळात हे हिल स्टेशन वसलं, बाजाराची पेठ पण आधी माल्कम पेठ. आणि आर्थर म्हणजे आर्थर मॅलेट. त्याची गोष्ट प्रत्येक ड्रायव्हर सांगतो, आमच्या काकांनीही सांगितली, बाणकोटजवळ सावित्री नदीच्या मुखाशी बोट बुडून त्याची बायको आणि लेकरू गेलं आणि मग हा इथे येऊन त्या नदीकडे बघत बसायचा. शेजारच्या ग्रुपला दुसरा ड्रायव्हर तीच गोष्ट सांगत होता, त्याच्या व्हर्जनमध्ये मुलं जास्त होती. आत्या हळूच म्हणाली, पुढच्या सीझनपर्यंत आणखी दोन वाढतील.

पण गोष्टीपेक्षा जागा मोठी आहे. शेवटच्या कठड्याशी आलो आणि आई, जी गाडीतून उतरल्यापासून बोलत होती, ती चक्क गप्प झाली. डावीकडे सावित्रीचं खोरं, खाली एकदम काळंहिरवं जंगल, ब्रह्मारण्य म्हणतात त्याला, आणि समोरून कडे असे सरळ उतरलेत की नजर अडायला मधे काही नाही. ढवळे गाव तळाशी कुठेतरी आणि तिथून या कठड्यापर्यंत हजार मीटरहून जास्त उंची. कड्यांवर आडवे पट्टे दिसतात, एकावर एक रचलेल्या भाकऱ्यांसारखे, ते सगळे लाव्हाचे थर. साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या सुमारास लाव्हा थांबून थांबून वाहत राहिला, प्रत्येक वेळी एक थर, काही थर कडक बेसाल्टचे ते उभे राहिले, मधले ठिसूळ ते झिजून त्यांच्या पायऱ्या झाल्या, त्या पायऱ्यांवर माती धरली आणि झाडं आली. म्हणून कड्यावर हिरव्या रेघा ओढल्यासारख्या दिसतात. सगळ्यात वर जांभा दगडाची टोपी, पावसाने बेसाल्टच कुजून झालेली. महाबळेश्वरची माती लाल आहे ती त्याचमुळे.

काका हात लांब करून एकेक दाखवत होते. तो खाली सुटा पडलेला सुळका-डोंगर चंद्रगड, त्याच्या मागे मंगळगड म्हणजे कांगोरी, आणि अगदी स्वच्छ दिवस असला तर रायगड, तोरणा, राजगड पण. आम्हाला रायगड दिसला असं काका म्हणाले, मला नुसती निळी रेघ दिसली, पण आईने हात जोडले त्यामुळे तो रायगडच होता. मी चंद्रगडाकडे जरा जास्तच वेळ बघत राहिले कारण ढवळ्यातून चंद्रगड करून या कड्यापर्यंत चढून येणारी वाट आमच्या ग्रुपात फेमस आहे, अख्खा दिवस घामाघूम होऊन वर यायचं आणि वर पोचल्यावर पहिलं कोण भेटतं तर टोपी घातलेला चणेवाला. ती वाट वरून अशी दिसत नाही, झाडीत बुडालेली आहे.

आता उजवीकडे. उजवीकडचं खोरं जोर गावाचं, म्हणजे कृष्णेचं, हे डावीकडच्या मानाने शांत, उतार पण जरा सुसह्य, पलीकडे कोळेश्वर आणि रायरेश्वरची सपाट पठारं. बहुतेक लोक उजवीकडे बघतच नाहीत, सगळे मोबाईल डावीकडे. आणि काकांनी खरा मुद्दा इथे सांगितला, आणि ज्यासाठी मी म्हणते की हा एक पॉइंट बघितला तरी चालेल तो हाच. ते आत्याला म्हणाले, "मावशी, तुम्ही सांगलीच्या ना? ही बाटली डावीकडे ओता, पाणी सावित्रीत जाणार, महाडवरून बाणकोटला, समुद्र. उजवीकडे ओता, पाणी तुमच्या घरी."

म्हणजे डावीकडचं पाणी शंभरेक किलोमीटरात अरबी समुद्रात, आणि उजवीकडचं बलकवडी, धोम, वाई, कराड, सांगली करत कर्नाटक तेलंगणा आंध्र ओलांडून चौदाशे किलोमीटरवर बंगालच्या उपसागरात. समुद्र इथून पश्चिमेला एवढा जवळ आणि कृष्णा त्याला पाठ दाखवून पूर्वेला निघाली. आपण उभे असतो ती धार एवढीशी आहे. भूगोलाच्या पुस्तकात जलविभाजक म्हणून एका मार्काला पाठ केलेला असतो, तो पायाखाली आहे हे माझ्या तर आजवर डोक्यात आलं नव्हतं, इतकी वर्षं सह्याद्रीत फिरून.

आत्याने पाणी उजवीकडे ओतलं, अर्थातच. मग ती पावसाबद्दल विचारायला लागली. इथे वर्षाला साडेपाच-सहा हजार मिलिमीटर पाऊस पडतो आणि तो जवळपास सगळा जून ते सप्टेंबर, सांगलीत त्याच्या दहाव्या हिश्श्याइतका. पण सांगलीकर पाऊस आकाशात बघतच नाहीत, ते कृष्णेवरच्या आयर्विन पुलाखालची पाण्याची पातळी दाखवणारी पट्टी बघतात. २००५, २०१९, २०२१, आत्याला सगळे पूर पाठ आहेत, २०१९ला तर त्यांच्या गल्लीत बोट फिरली. ती काकांना विचारत होती की तुमच्याकडे धो धो लागला की आमच्याकडे किती दिवसांनी येतं, आणि काका सांगत होते की मावशी, ते नुसतं आमच्या पावसावर नाही, कोयनेतून किती सोडतात आणि पुढे पाणी किती तुंबतं त्यावर पण आहे. आजूबाजूला पोरं रील करत होती आणि या दोघांची धरणांच्या विसर्गावर चर्चा! मी मधेच कोयनेचं एक सांगितलं की तिचं बरंचसं पाणी वीज करायला बोगद्यातून पश्चिमेला पोफळीकडे सोडतात आणि ते वाशिष्ठीतून चिपळूणवरून अरबी समुद्रात जातं, म्हणजे जी धार निसर्गाने ओलांडू दिली नाही ती आपण खालून भोक पाडून ओलांडली. आत्या म्हणाली मग पावसाळ्यात सगळंच तिकडे सोडा की. चिपळूणच्या लोकांनी माफ करावं, २०२१ला त्यांचंही कमी झालं नव्हतं.

हलकी वस्तू खाली टाकली की वर परत येते, हा इथला दुसरा फेमस आयटम. येते खरी. पश्चिमेचा वारा कोकणातून येऊन या उभ्या भिंतीवर आपटतो, त्याला जायला वरच जागा असते, मग बाटलीचं झाकण त्याच्यावर तरंगत वर येतं. पण लोक टाकतात ती सगळीच झाकणं परत येत नाहीत, कठड्याच्या खाली वाकून बघा म्हणजे दिसेल काय काय साठलंय ते. वाळकं पान टाका की राव, ते पण वर येतं आणि जास्त छान भिरभिरतं.

परतताना क्षेत्र महाबळेश्वर, पंचगंगा मंदिर. कृष्णा, कोयना, वेण्णा, सावित्री, गायत्री अशा पाच नद्यांचं पाणी एका गोमुखातून कुंडात पडतं. आर्थर सीट आधी आणि देऊळ नंतर, हा क्रम आम्हाला योगायोगाने मिळाला पण तसाच करा, कारण वरून दोन्ही खोरी बघून आलं की पाच नावं नुसती आरतीसारखी ऐकू येत नाहीत, कुठली कुठे गेली ते डोळ्यासमोर असतं. त्याच्याच जवळ कृष्णाबाईचं मंदिर आहे, दगडी, शेवाळलेलं, गाभाऱ्याशी गोमुखातून कृष्णेची बारीकशी धार पडते आणि मागे उघडी दरी. इथे पॅकेजवाले कमी येतात. आत्या तिथे पाण्यात हात घालून बराच वेळ बसली, काय बोलली नदीशी ते तिलाच माहीत, पुराचा हिशोब मांडला असावा.

मग केट्स पॉइंटला गेलो, तिथून कृष्णेचंच खोरं पुढे दिसतं, बलकवडी आणि धोमचं पाणी, कमळगड, आणि बाजूला नीडल होल, म्हणजे हत्तीच्या सोंडेसारखा खडक. छान आहे, गर्दी भयंकर. लॉडविक पॉइंटचा खांब लांबून बघितला, १८२४ला जनरल लॉडविक प्रतापगडाच्या बाजूने चढून आला त्याची आठवण म्हणून आहे. युरोपियनांत पहिला, एवढं मात्र खरं. त्याच्या आधी १६५९ला अफझलखान याच जावळीच्या जंगलात उतरला होता आणि इथल्या लोकांना वाटा पाठ होत्या. मुंबई पॉइंटचा सनसेट आम्ही सोडला, काकांनी वाईट वाटून घेतलं नाही.

जायचं असेल तर दोन-तीन गोष्टी. टॅक्सी ठरवतानाच पॉइंटची संख्या कमी करून वेळ वाढवून मागा, पैसे तेवढेच घेतील पण हो म्हणतात. ऑक्टोबरच्या शेवटापासून डिसेंबर बेस्ट, हवा धुतलेली असते. पावसाळ्यात फक्त ढग दिसतात, कठड्यापलीकडे पांढरं, बास, आणि एप्रिल-मेमध्ये दरी धुरकट. सकाळी वारा जबरदस्त असतो, कानटोपी लागतेच, आईने स्कार्फवर टोपी आणि त्यावर पदर असं तिहेरी करून सगळे फोटो काढलेत. माकडांपासून कणीस सांभाळा. स्ट्रॉबेरी रस्त्यावरून घ्या पण बॉक्सच्या तळाशी काय आहे ते उलटून बघून घ्या, वरचा थर नेहमीच सुंदर असतो.

आत्याचं आता म्हणणं आहे की उजवीकडची नदी बघितली तर सावित्री कुठे समुद्राला मिळते ते पण बघायचं, बाणकोटला. तिथे गाडी जाते का, पायऱ्या किती, हे मला शोधून ठेवायला सांगितलंय.