गेटबाहेरचे प्रश्न, तीन आठवडे आधी

नाशिकमध्ये सध्या पीएल, म्हणजे परीक्षेआधीची अभ्यासाची सुट्टी, चालू आहे. माझा इंजिनिअरिंगला असलेला मामेभाऊ रात्री उशिरापर्यंत ऑनलाइन दिसतो. परवा म्हणाला, "ताई, तीन नि चार युनिट मारतो, पाचवं ऑप्शनला टाकलंय." म्हणजे पाचवं करणारच नाही. जर्मनीत मास्टर्स करताना मला जे कळलं, ते त्याच्याबरोबर तुम्हा सगळ्यांनाच सांगावंसं वाटतं.

इथली, जर्मनीतली मुलं वर्षभर शहाण्यासारखी अभ्यास करतात, असं मुळीच नाही. हिवाळी सत्राचे तास फेब्रुवारीत संपत आले की लायब्ररीत बसायला जागा मिळत नाही. पण बऱ्याच विद्यापीठांत सक्तीच्या विषयाला तीनच संधी मिळतात. तिसऱ्यांदा नापास झालात तर तो अभ्यासक्रमच बंद होतो. केटी, म्हणजे नापास झालेला विषय, पुढे ढकलत नेण्याची आपली सवय इथे महागात पडते. शिवाय काही विषयांची परीक्षाच तोंडी असते. समोर प्राध्यापक बसतात आणि "हे असंच का?" म्हणून विचारत राहतात. आयएमपी, म्हणजे हमखास येणाऱ्या, प्रश्नांची पाठ केलेली उत्तरं तिथे दुसऱ्या 'का'लाच संपतात.

घोकंपट्टीचा पहिला नेटका हिशेब याच देशात झाला. हर्मान एबिंगहाउस यांनी निरर्थक अक्षरांच्या याद्या स्वतःच पाठ करून १८८५ मध्ये निष्कर्ष छापले. एका दिवसात ६८ वेळा म्हणून जो फायदा झाला, तेवढाच तीन दिवसांत विभागून ३८ वेळा म्हटल्यावर झाला. म्हणजे जवळजवळ निम्म्या कष्टात.

मग आदल्या रात्रीचं वाचन कामाला येतं असं आपल्याला का वाटतं? कारण ते येतंच, थोडा वेळ. २००६ साली रोडिगर आणि कार्पिक या अमेरिकी संशोधकांनी विद्यार्थ्यांना एक उतारा दिला. काहींनी तो चार सत्रांत पुन्हापुन्हा वाचला. काहींनी पहिल्याच सत्रात वाचला आणि पुढच्या तीन सत्रांत कागद बाजूला ठेवून आठवेल तेवढं लिहिलं. पाच मिनिटांनी वाचणारे पुढे होते, ८३ टक्के विरुद्ध ७१. आठवड्याने पारडं फिरलं: वाचणाऱ्यांना ४० टक्के आठवलं, आठवून लिहिणाऱ्यांना ६१. तिसऱ्या वर्षाचा विषय ज्यांना पुढे नोकरीत किंवा 'गेट' या इंजिनिअरिंगच्या पुढच्या प्रवेशपरीक्षेला लागणार आहे, त्यांनी हे आकडे भिंतीवर लावावेत.

आणि हे आपण नाशिकमध्ये करतोच की! पेपरच्या आधी कॉलेजच्या गेटबाहेर घोळका जमतो. एक जण विचारतो, दुसरा अडखळत सांगतो, तिसरा दुरुस्त करतो. त्या वीस मिनिटांत डोकं खरं काम करत असतं. रात्रभर पिवळ्या हायलायटरने रंगवलेल्या पानांपेक्षा कितीतरी जास्त. जर्मनीतले अभ्यासगट नेमकं हेच करतात, फक्त कित्येक आठवडे आधीपासून, फळ्यासमोर उभं राहून. मला तर आपला घोळका यांच्यापेक्षा सरस वाटतो, कारण आपल्याकडे "मला नाही येत, सांग ना" म्हणायला कोणी लाजत नाही. तोच घोळका पीएलच्या पहिल्या दिवशी जमवा. अभ्यासिकेत बोलता येत नसेल तर गंगापूर रोडच्या एखाद्या कट्ट्यावर जमा, नाहीतर गोदाकाठी. मागच्या वर्षांचे पेपर काढा, वह्या बंद ठेवा.

ज्यांचा पेपर उद्याच आहे, त्यांनी आता नवं युनिट उघडू नये. झालेल्या प्रत्येक युनिटचं शीर्षक कोऱ्या कागदावर लिहा आणि वही न बघता आठवेल ते खाली लिहून काढा. जिथे अडलात तेवढंच उघडून बघा. मग झोपा, निदान पाच-सहा तास. दिवसभराचं वाचलेलं मेंदू झोपेतच पक्कं करतो, म्हणून ती झोपही अभ्यासातच धरा. अलार्म मात्र दोन लावा.