न झालेले गोल

शनिवार, रात्री उशिरा

आज दुपारी एका बंद खोलीत उभा राहून दोन्ही संघांतल्या सगळ्यांच्या नावाने गोल ओरडून आलो. गोलकीपरांच्यासुद्धा.

खिडकीला गादी टेकवलेली, आवाज येतो म्हणून पंखा बंद, शर्ट पाठीला चिकटलेला. समोर रेकॉर्डिंग करणारा पोरगा कानाला हेडफोन लावून बोटाने खुणावतोय. उद्याच्या फायनलला प्रत्येक नावाची क्लिप तयार हवी म्हणे. गोल झाला की बटण दाबायचं, मग माझा आवाज, त्याच्या मागे ढोल, त्याच्या मागे स्पॉन्सर, सगळं एका दमात. "सर, तुमकां त्रास ना," म्हणाला. मग मैदानावरचा अनाउन्सर मी, उद्या करू काय? तर गाड्यांचे नंबर, हरवलेली पोरं आणि पाऊस आला तर सूचना. तेवढं लाइव्हच लागतं ना, सर.

पैसे ठरले तेवढेच, वर आगाऊ मिळालेले. म्हणजे भांडायलाही जागा नाही. तरी रात्री जेवण गेलं नाही. ही म्हणाली, हुमण आंबट झालं काय? नाही म्हटलं. पुढचं तिने विचारलं नाही. गेल्या वर्षीपासून आमच्या घरात दुसरा प्रश्न कुणी विचारत नाही. ते असो.

आधी वाटलं, वयाचं असेल. मला बाजूला सारतायत, म्हणून लागलं. तासभर त्याच चुलीवर स्वतःला शेकत बसलो. आल्तिनोवरचे, पणजी आकाशवाणीतले दिवस आठवले. 1287 किलोहर्ट्झ, कॅज्युअल अनाउन्सर म्हणून लागलो तेव्हा कानात बाळ ज. पंडितांचं मराठी समालोचन होतं आणि डोक्यात आपण तसंच बोलायचं, एवढंच. तिथले मोठे लोक सांगायचे, ऐकणाऱ्याला काही दिसत नाही हे क्षणभरही विसरायचं नाही. कुठला संघ कुठल्या बाजूला खेळतोय ते आधी सांग, आणि स्कोअर परतपरत सांग, कारण कुणीतरी आत्ता रेडिओ लावलाय. 1927 मध्ये बीबीसीने पहिल्यांदा फुटबॉलचं समालोचन केलं तेव्हा मैदानाचे चौकोन पाडून नंबर घातलेला नकाशाच छापला होता, श्रोत्यांनी समोर धरून ऐकावं म्हणून. मला ती गोष्ट फार आवडायची. आपण शब्दांनी चौकोन पाडतो, असं तेव्हा मोठ्या रुबाबात सांगत फिरायचो.

मैदानावरचा माइक हातात आला आणि सगळं उलटं झालं. इथे लोकांना दिसतंय. जे दिसतंय ते सांगितलं तर लोक वैतागतात, आणि बरोबरच आहे त्यांचं. रेडिओवर गप्प बसलास की मेलास, मैदानावर बोलत राहिलास की मेलास. नाव, नंबर, मिनिट. बास. तेही कधी, तर रेफरीने मधल्या वर्तुळाकडे हात केला आणि लाइनमन झेंडा खाली ठेवून मध्यरेषेकडे पळाला की. तोवर बोट बटणावर आणि तोंड बंद. मग लोकांचा पहिला आरडाओरडा जरा ओसरू द्यायचा, आणि तो पुरता बसायच्या आत नाव टाकायचं. ते दोन-चार सेकंद म्हणजे माझा धंदा. बाकी नावं काय, कुणीही वाचेल.

(कुणीही वाचेल असंही नाही म्हणा. कुलासोला कोलाको म्हणणारे मी ऐकलेत. 2023 च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेत एका हॉलवर होतो तेव्हा मणिपूरच्या मुलींकडे वही घेऊन गेलो होतो, तुमचं नाव तुम्हीच म्हणा, मी देवनागरीत लिहून घेतो. हसल्या, पण म्हणाल्या. ती वही अजून आहे.)

पण नाही, वयाचं नाही. बाजूला सारल्याचंही नाही. गाड्यांचे नंबर मी आधीही वाचलेत.

पोरगा म्हणाला, "सर, वन टेक!" तेच.

एकदाही परत करायला लागलं नाही. पहिलं नाव घेताना जरा लाजल्यासारखं झालं, दुसऱ्याला आवाज सुटला, आणि चौथ्या-पाचव्यापासून तर असा लागला की अंगावर काटा. माझ्याच. शेवटी त्याने सगळं लावून ऐकवलं. खरं सांगायचं तर इतकं चांगलं मी मैदानावर फार कमी वेळा केलंय. इतकी वर्षं माझी समजूत अशी की ते मी करत नाही, गोल माझ्याकडून करून घेतो. पाऊस, चिखल, शेवटची मिनिटं, गॅलरीतल्या शिव्या, त्या सगळ्यातून ते येतं. आणि आज गादी लावलेल्या खोलीत, गोल नाही, बॉल नाही, एक माणूस मोबाइल बघत बसलेला, तरी आलं. जसंच्या तसं. मग आधी जे यायचं ते काय होतं?

एप्रिल 2021 मध्ये फातोर्ड्याला एफसी गोवा आशियाच्या चॅम्पियन्स लीगमध्ये खेळत होता. भारतातला पहिलाच क्लब त्या गटसाखळीत. इराणच्या पर्सेपोलिसविरुद्ध आपल्या एदू बेदियाने गोल केला, आणि स्टेडियम कोविडमुळे रिकामं. मी घरी टीव्हीसमोर उभा राहिलो आणि तोंडातून शब्द फुटला नाही. मॅच आपण 2-1 हरलो, ते वेगळं. तेव्हा हिला म्हणालो होतो, बघ, माणसं नसली की आवाज येतच नाही. किती खात्रीने म्हणालो होतो!

अमेरिकेत बॉब शेपर्ड म्हणून होते. 1951 पासून 2007 पर्यंत न्यूयॉर्कच्या यांकी स्टेडियमचे अनाउन्सर, एरवी बोलण्याचं शास्त्र शिकवणारे मास्तर. डेरेक जेटर नावाच्या खेळाडूने त्यांच्या आवाजात आपलं नाव टेप करून घेतलं. शेपर्ड 2010 मध्ये गेले, जेटर 2014 पर्यंत खेळला, आणि तोवर घरच्या मैदानावर त्याचं नाव तोच आवाज घ्यायचा. लोक सांगताना डोळे पुसतात. मीही एकदोघांना सांगितलंय, डोळे पुसूनच. आज मात्र वाटतंय, टेप वाईट नसते हे मला आधीपासून माहीत होतं की. पण जेटरचं फक्त नाव होतं, तो मैदानात आला की लागणारं. मी आज ज्यांचे गोल ओरडलो त्यातल्या बहुतेकांचा उद्या गोल होणारच नाही. त्या क्लिपांचं काय करतात नंतर? विचारायला हवं होतं. नको, नाही विचारलं तेच बरं.

आणि मघाशी, पाणी प्यायला उठलो तेव्हा, एकदम आठवलं. 20 डिसेंबर 2015, आयएसएलची म्हणजे इंडियन सुपर लीगची फायनल, फातोर्डा, एफसी गोवा विरुद्ध चेन्नईन. मी तिकीट काढून गॅलरीत. 87 व्या मिनिटाला आपल्या जोफ्रेने 2-1 केलं, आजूबाजूला सगळे अनोळखी लोक मला मिठ्या मारतायत. आणि 90 व्या मिनिटाला आपल्याच गोलकीपरचा, कट्टीमनीचा स्वयंगोल. मग भरपाईच्या वेळेत मेंडोझा, चेन्नईन 3-2. त्या स्वयंगोलानंतर मी आपल्या सवयीने लाउडस्पीकरकडे बघत होतो, आता हा माणूस काय बोलणार म्हणून.

माझा नियम साधा आहे. स्वयंगोलाला नाव घ्यायचं नाही. स्कोअर सांगायचा, तोही खालच्या पट्टीत, आणि माइक बंद. त्या पोराची आई वर बसलेली असते.

रेकॉर्डिंगवाल्या पोराच्या यादीत स्वयंगोल नाही. ही एवढी मोठी यादी, बदली खेळाडू, कोच, बक्षीस देणारे पाहुणे, सगळे आहेत, स्वयंगोल नाही. उद्या झालाच तर तो कुणाची क्लिप लावेल? ढोल वाजवेल? हसू आलं, एकट्यालाच, स्वयंपाकघरात. सांगावं का त्याला आत्ता? झोपला असेल. सकाळी सांगेन. किंवा नाही सांगणार, बघू.

तसं गाड्यांच्या नंबरांना मी कधीच कमी लेखलेलं नाही. त्यातही टाइमिंग लागतं. नुसतं "जीए अकरा" म्हणायचं आणि जरा थांबायचं, की गॅलरीतले पेडण्याचे सगळे खिसे चाचपत उभे राहतात. गोलालासुद्धा एवढे उठत नाहीत.