बांधावरून चालताना

आज अमेरिकेत, साउथ कॅरोलायनातल्या चार्ल्स्टनजवळच्या कॉ कॉ पार्कात गेलो होतो. पूर्वी इथे भाताचे मळे होते, गुलाम माणसांच्या घामावर चाललेले. आता पाणथळ, बगळे, सायप्रसची झाडं. आणि बांध. सरळ, लांबच लांब, अजून शाबूत.

बांधात लाकडी दार दिसलं आणि पाय थबकले. अरे, ही तर आपली उघाडी, खारबांधातून पाणी आत-बाहेर सोडायचं दार! इथे तिला ट्रंक, म्हणजे झाडाचं खोड, म्हणतात, कारण आधी ती पोखरलेल्या ओंडक्याची असे. नदीकाठच्या खाचरांत भरतीला गोडं पाणी आत घ्यायचं, ओहोटीला सोडायचं. पश्चिम आफ्रिकेतून पकडून आणलेल्या कित्येकांना भातशेती आधीपासूनच येत होती. त्यांनीच दलदल तोडली, हातांनी माती रचली, हिवतापाने मेले. १८६५ मध्ये गुलामगिरी संपली. भाताचा धंदाही पुढे बसला, १९११ च्या वादळानंतर तर उठलाच नाही.

आमच्या पेणच्या खारात, म्हणजे खाडीचं पाणी बांधाने अडवून केलेल्या शेतात, बांधाला खांड (भगदाड) पडली की आजोबा रात्रीबेरात्री चिखल टाकायला धावायचे. पण ते शेत आमचं होतं. भात आमच्या घरात यायचा.

आपण चालतोय ती पायवाट म्हणजे त्यांनी रचलेला बांधच, हे लेकीला सांगितलं. तिने न बोलता बूट काढून हातात घेतले.