क्विनाईनची फ्रेम: सोळापैकी अकरा पानं झाली

मंडळी, मागची नोंद लिहिली तेव्हा आठव्या पानावर अडलो होतो. आता अकरा पानं माउंट करून झाली आहेत, आणि मधल्या चार महिन्यांत एक पान पूर्ण काढून नव्यानं मांडावं लागलं. आजची नोंद मुख्यतः त्या पानाबद्दल.

नव्यानं आलेल्यांसाठी थोडक्यात सांगतो. तिकीटसंग्रहाची सोळा पानांची एक फ्रेम, विषय सिंकोनाच्या झाडाची साल आणि तिच्यातून निघणारं हिवतापावरचं औषध, क्विनाईन. थीमॅटिक, म्हणजे एका विषयाभोवतीच्या, मांडणीत आपण पानावर जे वाक्य लिहितो, त्याला तिकीट, शिक्का, पाकीट किंवा कार्ड यांचा आधार द्यावा लागतो. नुसती गोष्ट सांगून चालत नाही. म्हणूनच हा विषय मला धरून ठेवतो.

पहिलं दान पेरू देशानं दिलं. सिंकोनाचं झाड शोधत मी दोन वर्षं फुलाझाडांच्या तिकिटांत हिंडत होतो, आणि झाड बसलं होतं पेरूच्या राजचिन्हात. ढालीवर एकीकडे विकुन्या हा लामासारखा प्राणी, दुसरीकडे सिंकोना, खाली नाण्यांनी भरलेलं शिंग. १८२५ पासून हे चिन्ह आहे आणि १८५८ च्या त्यांच्या सुरुवातीच्या तिकिटांवरही ते दिसतं. ती तिकिटं माझ्या आवाक्याबाहेरची आहेत. नंतरचं एक साधं तिकीट घेतलं, पण भिंगाखाली झाड स्पष्ट दिसतं.

तिसऱ्या पानावर आधी चिंचोनच्या काउंटेसची गोष्ट होती. पेरूच्या व्हाइसरॉयची बायको तापानं फणफणली, सालीच्या चूर्णानं बरी झाली आणि तिनं ते चूर्ण युरोपात नेलं. १६६३ मध्ये बादो नावाच्या इटालियन वैद्यानं ती छापली आणि वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसनं १७४२ मध्ये झाडाला तिचंच नाव दिलं, तेही एक अक्षर गाळून. पण काउंटच्या काळातली कागदपत्रं पुढे तपासली गेली तेव्हा बाईंना हिवताप झाल्याची नोंद कुठेच सापडली नाही, आणि त्या स्पेनला पोहोचल्याच नाहीत, वाटेत कार्ताहेनाला वारल्या. साल युरोपात नेली जेझुइट पाद्र्यांनी. मी त्या पानाचा मथळा बदलून ‘नाव कसं पडलं’ एवढाच ठेवला. गोष्ट सुंदर आहे हे मान्य, पण ती घडली म्हणून मी लिहिणार नाही.

चौथं पान सोपं होतं. फ्रान्सचं १९७० चं तिकीट, पेलेतिए आणि काव्हांतू या दोन फ्रेंच औषधशास्त्रज्ञांचे चेहरे आणि रेणूचं सूत्र. १८२० मध्ये त्यांनी सालीतून क्विनाईन वेगळं काढलं आणि तेव्हापासून वैद्याला मापून मात्रा देता येऊ लागली. त्याआधी एका पोत्यातली साल कडक, दुसऱ्यातली निकामी, असा सगळा कारभार होता.

आता नववं पान. इथे मला पोस्टातलं क्विनाईन दाखवायचं होतं. १८९२ पासून बंगालमध्ये सरकारनं टपाल कार्यालयांतून क्विनाईनच्या पुड्या विकायला सुरुवात केली, एक पैशाला एक पुडी. पुड्या कैद्यांकडून बांधून घेत. औषधाचं दुकान नसलेल्या गावातही पोस्टमन पोहोचायचा, यात सगळं आलं. तिकीट गोळा करणाऱ्याला याहून जवळचा दुवा कुठे मिळेल?

गेल्या दिवाळीत एका विक्रेत्याकडे ‘पोस्टाची पुडी, १९१० च्या सुमाराची’ दिसली. अठराशे रुपये मोजले. घरी आल्यावर नेहमीप्रमाणे खोलीतला दिवा मालवून ती यूव्ही (अतिनील) दिव्याखाली धरली, आणि कागद निळसर पांढरा उजळला. तुम्हाला ठाऊकच आहे की क्विनाईन अशा दिव्याखाली निळं चमकतं. १८४५ मध्ये जॉन हर्शेलनं हे पाहिलं आणि १८५२ मध्ये स्टोक्सनं त्याचा उलगडा करून ‘फ्लुओरेसन्स’ हा शब्द घडवला. मला वाटलं, शंभर वर्षांपूर्वीची भुकटी अजून कागदाच्या धाग्यांत आहे! त्या रात्री झोप लागली नाही.

सकाळी डोकं थंड करून पुन्हा पाहिलं. भुकटी असती तर चमक घडीत, कोपऱ्यात, कुठेतरी साचलेली दिसली असती. इथे ती कडेपासून कडेपर्यंत सारखी होती, दोन्ही बाजूंना. शेजारी प्रिंटरचा कोरा कागद ठेवला तर तो अगदी तसाच उजळला. कागद पांढराशुभ्र दिसावा म्हणून त्यात घालतात ती रसायनं दुसऱ्या महायुद्धानंतरच सर्रास आली. म्हणजे कागदच नवा, पुडी बनावट. पैसे परत मिळाले नाहीत.

मग खऱ्या क्विनाईनची चमक डोळ्यांना ओळखीची व्हावी म्हणून इंदूरच्या पलासिया भागातल्या दुकानातून टॉनिक वॉटरची बाटली आणली. अंधारात दिवा लावला की ग्लासातलं पाणी आकाशी पेटतं. त्यात चमचाभर मीठ टाका, चमक झपकन उतरते. मिठातलं क्लोराइड ती विझवतं. घरी नक्की करून पाहा. कागदाच्या पांढऱ्या उजेडापेक्षा हा निळा अगदी वेगळा, गहिरा आहे. एकदा पाहिला की पुन्हा गल्लत होत नाही.

नववं पान दोन महिने कोरंच राहिलं. मग संक्रांतीला आत्याकडे गेलो. विषय निघाला तसं ती म्हणाली, “कोयनेल का? अरे, आमच्या आजोबांच्या कार्डात आहे की ते.” ट्रंकेतून तिनं दोन पोस्टकार्डं काढली. पणजोबा होळकर संस्थानच्या जंगल खात्यात होते, मुक्काम बडवाहला, नर्मदेच्या काठी. दोन्ही कार्डं १९२६ ची, अर्ध्या आण्याची, बडवाहच्या शिक्क्याची, मजकूर मोडीत. शेजारच्या काकांनी वाचून दिला. पहिलं भाद्रपदातलं: “ताप एकाआड एक दिवस येतो. कोयनेल संपले. चार पुड्या धाडणे.” दुसरं मार्गशीर्षातलं: “ताप गेला होता तो फिरून आला.”

हे दुसरं कार्ड हातात घेऊन मी बराच वेळ बसलो. एकाआड एक दिवस म्हणजे अठ्ठेचाळीस तासांचं चक्र. त्यानंतर परजीवी तांबड्या पेशी फोडून बाहेर येतात आणि हुडहुडी भरते. क्विनाईन रक्तातल्या परजीवीला मारतं. पण व्हायव्हॅक्स जातीचे काही परजीवी यकृतात झोपून राहतात, तिथे क्विनाईनचा इलाज चालत नाही, आणि महिन्यांनी ताप परततो. पणजोबांचा ताप बहुधा हाच असावा. माझ्या नवव्या पानावर आता ही दोन कार्डं आहेत. त्यांचा कागद दिव्याखाली मंद पिवळट दिसतो, जुन्या कागदानं दिसावं तसा.

दहाव्या पानावर मंगपू आहे. दार्जिलिंगच्या डोंगरातल्या या गावी १८६० च्या दशकापासून सरकारी सिंकोनाचे मळे, पुढे कारखानाही झाला. तिथल्या लाल सालीत क्विनाईन कमी, पण बाकीची अल्कलॉइड, म्हणजे क्विनाईनसारखीच द्रव्यं, भरपूर. मद्रासच्या आयोगानं तीही तापावर चालतात हे दाखवल्यावर त्यांचं मिश्रण स्वस्तात विकलं गेलं. रवींद्रनाथ १९३८ ते १९४० या काळात इथे अनेकदा राहिले, तेही कारखान्यातल्या अधिकाऱ्याच्या घरी. मी मंगपूच्या पोस्टमास्तरांना पत्ता लिहिलेलं पाकीट आत घालून विनंती पाठवली होती. सतरा दिवसांत पाकीट परत आलं, शिक्का गोल, तारीख स्वच्छ, गावाचं नाव पूर्ण. त्यांना आभाराचं कार्ड पाठवलं आहे.

अकरावं पान डच ईस्ट इंडीजचं (आजचा इंडोनेशिया), बांडुंगच्या शिक्क्याचं पाकीट. तिथे क्विनाईनचा मोठा कारखाना होता. या पानावर मला मॅन्युएल इन्क्रा ममानीचं नाव लिहायचं होतं आणि लिहिलं. बोलिव्हियातल्या या माणसानं चार्ल्स लेजर या इंग्रज व्यापाऱ्यासाठी उत्तम झाडांचं बी गोळा केलं. इंग्रज सरकारनं ते नाकारलं, १८६५ मध्ये डचांनी पौंडभर घेतलं, आणि त्या बियांच्या जोरावर जावा बेटानं पुढे जगातलं बहुतेक सगळं क्विनाईन पुरवलं. झाडाला नाव मिळालं लेजरचं. ममानीला त्याच्याच देशात पकडून इतकं मारलं की त्यात त्याचा जीव गेला. त्याच्या नावापुढे मी पानावर जागा मोकळी सोडली आहे; एखाद्या देशानं त्याचं तिकीट काढलेलं कुणाला दिसलं तर कळवा.

पुढची पानं: १९४२ मध्ये जपाननं जावा घेतल्यावर दोस्त राष्ट्रांची झालेली कोंडी, मग १९६२ ची हिवताप निर्मूलनाची तिकिटं. शंभराहून अधिक देशांनी ती काढली. आपलं १५ नये पैशांचं ७ एप्रिलला आलं. इंदूर जीपीओचा त्याच दिवसाचा शिक्का असलेलं पाकीट मी शोधतो आहे. आणि कुणाकडे पोस्टातली खरी पुडी असेल, रिकामी का होईना, तर तिचे दोन फोटो पाठवा, एक दिवसाच्या उजेडात आणि एक दिव्याखाली.