तुम्ही विचारलंत म्हणून: मॅडम, तुम्ही घेतला का हिस्सा?

प्रत्येक ट्रेनिंगमध्ये हा प्रश्न येतो. बचत गटाच्या पंचवीस-तीस बायका सतरंजीवर बसलेल्या असतात, मी सातबाऱ्याचा मोठा फ्लेक्स भिंतीला लावून शिकवत असते की नाव कुठे बघायचं, फेरफार म्हणजे काय, वारस नोंदीला किती दिवसांत अर्ज करायचा, आणि मागून एक आवाज येतोच. मॅडम, तुम्ही घेतला का हिस्सा? मग सगळ्या हसतात, मीपण हसते आणि म्हणते, चला, चहा घेऊ. चौदा वर्षं हेच चाललंय. आता पाहुण्यांत आणि माझ्याच ऑफिसातही विचारतात, जरा खोचक विचारतात, की एवढं स्त्रीहक्क स्त्रीहक्क करते आणि स्वतः वडिलांच्या जमिनीतला वाटा सोडते अशी हक्कसोड भावाला लिहून दिली ना हिने? हो, दिली. २००७ साली. आता एकदाच सविस्तर सांगते, म्हणजे पुढच्या वेळी चहाची आड घ्यायला नको.

आधी हिशोब, कारण मला हिशोबाची सवय लागलीय. नानांची, म्हणजे माझ्या वडिलांची, वडिलोपार्जित जमीन सहा एकर, येवल्याकडची, कांद्याची. नाना २००३ साली गेले. आम्ही तिघं भावंडं, मी थोरली, मग भाऊ, मग धाकटी, आणि आई. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याच्या जुन्या हिशोबाने आधी नाना, आई आणि भाऊ असे तीन वाटे पाडायचे, मग नानांच्या वाट्याचे जे ऐंशी गुंठे ते आम्हा चौघांत सारखे. म्हणजे मला वीस गुंठे, अर्धा एकर. २००५ च्या दुरुस्तीने मुलगीही जन्मापासूनच हिस्सेदार, मग पाच वाटे, वर नानांच्या वाट्यातला चौथा हिस्सा, करून बघा, बरोबर साठ गुंठे होतात. दीड एकर.

मधे १९९४ पण आहे. महाराष्ट्राने केंद्राच्या अकरा वर्षं आधी मुलींना हिस्सेदार केलं, २२ जून १९९४ पासून, फक्त एक मेख मारून ठेवली की त्या तारखेच्या आधी लग्न झालेल्या मुलींना ते लागू नाही. माझं लग्न १५ मे १९९४ चं. अडतीस दिवस! नानांनी मुहूर्त घाईने काढला होता कारण पुढे पाऊस आणि पेरण्या. धाकटीचं लग्न १९९९ चं, ती त्या कायद्यात बसत होती. हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे लागेल.

आणि नाना काही जुन्या वळणाचे नव्हते हो. शेतकरी संघटनेचा लाल बिल्ला छातीवर, १९८६ च्या चांदवडच्या महिला अधिवेशनाला आईला ट्रकमधे बसवून घेऊन गेले होते, आई त्या गर्दीचं वर्णन मरेपर्यंत सांगायची. पुढे संघटनेच्या शरद जोशींनी लक्ष्मीमुक्ती काढली, बायकोच्या नावावर जमीन करा म्हणून, तेव्हा नाना दर पाडव्याला म्हणायचे की यंदा तुझ्या आईच्या नावावर एकरभर करतो. ते काही झालं नाही. पण मला आता वेगळंच टोचतं, की त्या सगळ्यात लक्ष्मी म्हणजे घरात आलेली बायको, घरातून जाणारी लेक त्या हिशोबात नव्हतीच, आणि आमच्याकडे कुणाला, मलासुद्धा, ते खटकलं नव्हतं. आजी जात्यावर ओव्या म्हणायची त्यात भाऊ शंभर वेळा यायचा, त्याचा घोडा यायचा, त्याने आणलेली चोळी यायची. वावर नाही आलं कधी.

नाना गेल्यावर वारस नोंद झाली तेव्हा भावाचं नाव वर लागलं आणि आई, मी, धाकटी तिघी खाली 'इतर हक्क' च्या रकान्यात. तिथे सोसायटीच्या कर्जाचा बोजा लिहितात, विहिरीतला पाण्याचा हिस्सा लिहितात. त्या रांगेत आम्ही. मी आज फ्लेक्सवर काठी ठेवून तो रकाना दाखवते तेव्हा बायका म्हणतात, अगं बाई माझं पण तिथंच आहे.

जानेवारी २००७. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला आम्ही दोघी बहिणी माहेरी गेलो होतो. तिसऱ्या दिवशी रात्री जेवणं झाल्यावर भाऊ म्हणाला, आक्का, पाइपलाइनचं कर्ज काढायचंय, बँकेवाले म्हणतात नावं एक करून आणा. तो माझ्याकडे बघत नव्हता, ताटात बोटाने रेघा मारत होता. आई चुलीपाशी पाठमोरी. धाकटी म्हणाली, "मी यांना विचारून सांगते." एवढंच. आणि मी, थोरली, बारावी पास, शहाणी, मी म्हणाले, "यांना काय विचारायचं त्यात, माहेर आपलं आहे. आपण काय वाटण्या मागणार आहोत का? देऊन टाकू." ती माझ्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "तू म्हणशील तसं, आक्का."

दुसऱ्या दिवशी तालुक्याला दुय्यम निबंधकांकडे. कागद आधीच तयार होता, म्हणजे वकिलाकडे आठवडाभर आधीच सांगून ठेवलेलं, हे मला तिथे कळलं आणि मी गप्प बसले. दोनशे रुपयांचा स्टॅम्प. दोन साक्षीदार गावातलेच. साहेबांनी विचारलं, स्वखुशीने देताय ना, काही मोबदला घेतला का? मी मोठ्याने म्हणाले हो साहेब स्वखुशीने, मोबदला काही नाही. धाकटीचा आवाज फुटला नाही तर साहेबांनी परत विचारलं, आणि मी तिच्या कोपराला हात लावला. नुसता हात लावला. ढकललं नाही, चिमटा काढला नाही. पण लावला. ती हो म्हणाली. आईने अंगठा दिला. तीन बायका, एकशेऐंशी गुंठे, तासाभराचं काम. बाहेर आल्यावर भावाने आम्हाला मिसळ खाऊ घातली, धाकटी आधी नळावर जाऊन अंगठ्याची शाई घासत होती, जात नव्हती, तशीच येऊन पाव मोडायला लागली. मग बाजारपेठेत दोघींना साड्या. मी मोरपंखी घेतली. हो, मी रंग निवडला, दोन-तीन घड्या उलगडायला लावून निवडला.

तुम्ही म्हणाल त्या वेळी तुम्हाला कायदा माहीत नव्हता. मी पण लोकांना हेच सांगत आले. अर्धं खरं आहे. दुरुस्ती येऊन सव्वा वर्ष झालं होतं, पेपरात आलेलं, मी वाचलेलं. वाटा मिळतो हे माहीत होतं, किती ते माहीत नव्हतं, आणि विचारलं नाही कारण विचारलं की मागितल्यासारखं होतं. माहेर तुटेल ही भीती तुम्हाला क्षुल्लक वाटत असेल तर तुमचं माहेर पक्कं असणार. माझ्या सासरी नवरा बरा माणूस, तरी भांडण झालं की मी पिशवी भरायची आणि येवल्याची एसटी धरायची, ती एसटी मला चालू ठेवायची होती. त्या एसटीच्या तिकिटाची किंमत दीड एकर असेल असं वाटलं नव्हतं.

अजून एक, हे कुणी विचारत नाही म्हणून मीच सांगते. माझ्या दोन नणंदांनी १९९८ मधे माझ्या नवऱ्याला हक्कसोड दिली. त्या दिवशी चहा-पोहे मी केले. मला अजिबात काही वाटलं नव्हतं, उलट हायसं वाटलं. आज मी ज्या घरात बसून हे लिहितेय त्याची जागा त्यातलीच आहे. त्यामुळे मला कुणी फक्त बिचारी पण समजू नका.

२०११ पासून मी हे काम करायला लागले आणि मग रोजचंच झालं, दुसऱ्यांना शिकवताना आपलं मोजायचं. २०१५ मधे सुप्रीम कोर्टाचा निकाल आला की २००५ ची दुरुस्ती लागू व्हायला ९ सप्टेंबर २००५ ला वडील हयात हवेत. खरं सांगू, मला बरं वाटलं. नाना आधीच गेलेले, म्हणजे माझे वीसच गुंठे गेले, साठ नाही. बायकांच्या विरोधातला निकाल आणि मी घरी येऊन शांत झोपले. मग ऑगस्ट २०२०, लॉकडाऊन, विनीता शर्मा खटल्यातला सुप्रीम कोर्टाचा निकाल, तीन न्यायाधीशांनी सांगितलं की हक्क जन्मापासून आहे, वडील तेव्हा हयात असण्याची गरज नाही. ऑफिसच्या ग्रुपवर सगळ्यांनी फुलं टाकली, मी पण टाकली, आणि गॅसवरचं दूध उतू गेलं ते मला कळलं नाही. परत साठ. रजिस्टर्ड सही केलेल्या बाईला काय फरक पडतो, काहीच नाही.

माझ्या वाट्याचं मी एक वेळ गिळलं असतं. धाकटीचं नाही गिळता येत. २०१२ मधे ती मुलाला घेऊन कायमची परत आली. भावाने तिला कांद्याच्या चाळीशेजारची खोली दिली. दिली, हा शब्द बघा. लाइट बिल तोच भरतो, वहिनी भाजी पाठवते, कधी टाकून बोलत नाही. आणि आई चार वर्षं अर्धांगाने पडून होती तेव्हा तिचं सगळं त्याने आणि वहिनीने केलं, मी पंधरा दिवसांतून एकदा फळं घेऊन जायचे. त्यामुळे भावाला खलनायक करून हे लिहिता येत नाही, तसं जमलं असतं तर केव्हाच लिहिलं असतं. पण ती त्याच्या वावरात मजुरीने कांदे खांडते, ज्यातले साठ गुंठे तिचे होते, आणि संध्याकाळी रोजाचे पैसे घेते. माझ्यासारखे अडतीस दिवस पण हुकले नव्हते तिचे. तिने नवऱ्याला विचारलं असतं तर तो लोभी माणूस नक्की सही करू नको म्हणाला असता, आणि आज तिच्या नावावर दीड एकर असतं. किंवा त्याने ते विकून खाल्लं असतं. मी हा वाद स्वतःशी घालते आणि सोयीप्रमाणे जिंकते.

तिने आजवर एका शब्दाने काढलं नाही. गेल्या भाऊबीजेला मात्र, भावाला ओवाळून झालं, तो बाहेर ट्रॅक्टरपाशी गेला, आणि ती निरांजन विझवता विझवता म्हणाली, "आक्का, त्या कागदाची झेरॉक्स आहे का गं तुझ्याकडे?" मी विचारलं, कशाला? म्हणाली, "काही नाही, पोरगा मोठा झालाय, वाचतो म्हणाला."

आहे माझ्याकडे. ट्रेनिंगच्या फायलीत आहे, नावं झाकून नमुना म्हणून दाखवते मी तो. पाठवते म्हणाले होते. अजून पाठवलेला नाही.